आधी पान बघा, मग पंप उचला

गेल्या आठवड्यात आपल्या तालुक्यातल्या जवळजवळ प्रत्येक व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर एक मेसेज फिरला. तुमच्यापैकी बऱ्याच जणांना तो आला असेल, काहींनी पुढेही ढकलला असेल. "सावधान! चिनी भुंगा आपल्या शिवारात! घरात शिरतो, चावतो, कुत्र्याच्या टाळूला चिकटतो. दिसताक्षणी नष्ट करा." सोबत दोन फोटो. एक लाल, काळ्या ठिपक्यांचा गोल किडा. दुसरी काळपट, अंगावर नारिंगी ठिपके असलेली, मगरीच्या पिल्लासारखी दिसणारी अळी.

मला हा मेसेज एका दिवसात नऊ ठिकाणांहून आला. तिसऱ्या दिवशी माझ्या चुलत्यांचा फोन. "बाळू, आपल्या करडईत ते चिनी किडं झाल्यात की. दुकानदार म्हणला दोन औषधं मिक्स करून मारा. उद्या गडी लावतोय."

म्हटलं, "तात्या, उद्या सकाळी मी येतो. मी येईपर्यंत पंप उचलू नका."

आज हे सगळं सविस्तर लिहितोय. पोस्ट लांब आहे. पण ज्यांच्या रानात करडई, ज्वारी, हरभरा उभा आहे किंवा ज्यांची सीताफळाची, डाळिंबाची बाग आहे, त्यांनी पाच-सात मिनिटं काढून वाचावी ही विनंती. यात माझी स्वतःची एक जुनी चूकही आहे, तीही कबूल करणार आहे.

तात्यांच्या रानात काय दिसलं?

सकाळी साडेसातला बांधावर पोचलो. कडेच्या दोन-तीन ओळींतल्या करडईला मावा लागला होता हे खरं. शेंड्यावर काळ्या माव्याची दाटी, पानं चिकट झालेली. आत दहा-पंधरा पावलं गेलो तर झाडं स्वच्छ.

आणि त्या माव्यातच ते "चिनी" किडे. लाल, चकचकीत, पाठीवर मोजून सात काळे ठिपके. बाजूला त्यांच्या अळ्या. मी तात्यांना म्हटलं, पाच मिनिटं काही बोलू नका, फक्त या एका अळीकडे बघा. तात्यांनी चष्मा पुसला आणि वाकले. अळीने एक मावा पकडला, खाल्ला. दुसरा पकडला. तिसरा.

तात्या सरळ उभे राहिले आणि म्हणाले, "आयला, ही तर आपल्याच कामाची निघाली."

हाच तो लेडीबर्ड बीटल. लेडीबर्ड म्हटलं की आपल्याकडे आधी मुलींची सायकल आठवते. शेतीच्या पुस्तकात याला ढालकिडा म्हणतात, कारण पाठ ढालीसारखी फुगीर. हा सात ठिपक्यांचा ढालकिडा चीनहून गेल्या वर्षी आलेला नाही. युरोपापासून भारतापर्यंत तो पूर्वीपासूनचा रहिवासी आहे. तात्यांच्या आज्याच्या करडईतही तो असणार. रब्बीत मावा आला की त्याच्या मागोमाग हा येतो. मावा हेच त्याचं जेवण. अळी आणि भुंगा दोघंही मावा खातात. अळी तर जास्त अधाशी, दिवसाला डझनांनी मावा फस्त करते.

म्हणजे त्या मेसेजमधली अळी होती आपली आणि आपण निघालो होतो तिला मारायला.

मग हा मेसेज आला कुठून?

मी थोडं खणलं. माझी एक मावसबहीण अमेरिकेत ओहायोत असते. तिला मेसेज पाठवला तर ती हसली. म्हणाली, "अरे, हे आमच्याकडचं आहे. दर ऑक्टोबरला खिडक्यांवर शेकड्यांनी जमतात." तिकडे त्यांना आशियाई लेडी बीटल म्हणतात. शास्त्रीय नाव हार्मोनिया अ‍ॅक्झिरिडिस. मूळचा चीन, जपान, कोरिया, सैबेरिया या भागातला.

आता गंमत ऐका. हा किडा अमेरिकेत कोणी चोरून आणला नाही. तिथल्या सरकारी कृषी खात्यानेच मुद्दाम आणून सोडला. १९१६ पासून वेगवेगळ्या राज्यांत, झाडांवरचा मावा खावा म्हणून. बरीच वर्षं तो टिकलाच नाही. शेवटी १९८८ मध्ये लुईझियाना राज्यात त्याची स्थिरावलेली वस्ती सापडली आणि मग तो देशभर पसरला. मावा खातो, त्यात खोट नाही. पण मावा संपला की दुसऱ्या ढालकिड्यांची अंडी आणि अळ्याही खातो. थंडी लागली की ऊब शोधत घराच्या फटींत घुसतो. दाबला की पायांच्या सांध्यांतून पिवळा, घाण वासाचा द्रव सोडतो. द्राक्षाच्या घडात लपून बसला आणि द्राक्षांबरोबर चिरडला गेला तर वाइनची चव बिघडते. कॅनडातल्या वाइनवाल्यांना २००१ च्या हंगामात याचा चांगलाच फटका बसला होता.

म्हणून तिकडे "देशी लेडीबग कोणता आणि बाहेरचा कोणता" हे लोकांना शिकवलं जातं. ओळखायची खूण अशी: आशियाई किड्याच्या डोक्यामागच्या पांढऱ्या पट्टीवर इंग्रजी एम अक्षरासारखी काळी खूण असते. रंग पिवळ्यापासून लालभडक ते काळ्यापर्यंत कसाही, ठिपके शून्यापासून एकोणीसपर्यंत कितीही. म्हणून ठिपके मोजून उपयोग नाही, ती खूण बघायची.

तिथे हा इशारा योग्यच आहे. पण कोणीतरी तो उचलला, भाषांतर केला, "आशियाई"चं "चिनी" केलं, वर आपल्याच सातठिपक्याचा फोटो चिकटवला आणि दिला सोडून. ओहायोच्या खिडकीतली तक्रार बार्शीच्या करडईत येऊन पोचली.

अजून एक उलटी गंमत. आपला हा देशी सातठिपक्या अमेरिकेत परदेशी आहे! तिकडे तो मावा खाण्यासाठी बाहेरून नेला गेला आणि १९७३ मध्ये न्यू जर्सीत त्याने बस्तान बसवल्याचं दिसलं. तिथला मूळचा एक नऊ ठिपक्यांचा ढालकिडा होता. १९८९ मध्ये न्यूयॉर्क राज्याने त्याला राज्यकीटक म्हणून मान दिला, पण मान मिळेपर्यंत तो राज्यातून दिसेनासा झाला होता. सातठिपक्याचा प्रसार हे त्याचं एक कारण मानलं जातं. पुढे कॉर्नेल विद्यापीठाने शाळकरी मुलांपासून सगळ्यांना कामाला लावलं: ढालकिडा दिसला की फोटो काढा आणि पाठवा. २०११ मध्ये लाँग आयलंडवर नऊठिपक्या पुन्हा सापडला.

सांगायचा मुद्दा, देशी आणि परदेशी हे किड्याच्या अंगावर लिहिलेलं नसतं. तो कुठे उभा आहे यावर ते ठरतं. एकच किडा करडईच्या बांधावर घरचा आणि समुद्रापलीकडे पाहुणा.

आता माझी चूक

सात-आठ वर्षांपूर्वीची गोष्ट. पावसाळा संपत आला होता, सीताफळं भरली होती. एका गावातून फोन आला, "सीताफळावर नवीनच पांढरी कीड आलीय. पिठ्या ढेकणापेक्षा मोठी. अंगावर झूल घातल्यासारखी. पळते पण." फोटो आले. मी दोन शेतकऱ्यांशी बोललो, एका दुकानदाराची प्रतिक्रिया घेतली. कृषी विद्यापीठात किंवा कृषी विज्ञान केंद्रात एक फोन करायला हवा होता, तो केला नाही. संध्याकाळी पान लागायचं होतं. दुसऱ्या दिवशी बातमी छापून आली: "सीताफळावर परदेशी किडीचा हल्ला, बागायतदार हवालदिल". दोन कॉलम, फोटोसह. माझं नाव.

त्या गावात आणि शेजारच्या दोन गावांत तीन दिवस फवारे चालले.

पुढच्या आठवड्यात एक अण्णा कार्यालयात आले. साठीच्या पुढचे, धोतर-टोपी. हातात माझ्या बातमीचं कात्रण घडी घालून ठेवलेलं. बसले, पाणी प्याले. मग म्हणाले, "पत्रकारसाहेब, तुम्ही माझेच किडे मारायला लावले."

झालं होतं असं. अण्णांनी पदरचे पैसे घालून क्रिप्टोलीमस नावाचे भुंगेरे विकत आणून आपल्या बागेत सोडले होते. हे पिठ्या ढेकूण खातात. त्यांची पैदास चांगली झाली आणि ते बांध ओलांडून शेजाऱ्यांच्या बागेत गेले. शेजाऱ्याला फुकटात राखणदार मिळाला होता. पण याच्या अळीच्या अंगावर पांढऱ्या मेणाच्या लांब झालरी असतात, त्यामुळे ती पिठ्या ढेकणासारखीच दिसते. शेजाऱ्याने तिला कीड समजून मला फोन केला आणि मी तिला "परदेशी हल्लेखोर" करून टाकलं. लोकांनी फवारलं. वाऱ्याने औषध अण्णांच्या बागेतही गेलं. राखणदार मेले आणि पिठ्या ढेकूण आपल्या मेणाच्या पिशवीत बऱ्यापैकी सुखरूप राहिला. महिन्याभराने तोच ढेकूण दुपटीने वर आला.

सगळ्यात टोचणारी गोष्ट ही की माझा "परदेशी" शब्द चुकीचा नव्हता. क्रिप्टोलीमस मूळचा ऑस्ट्रेलियाचा. भारतात तो १८९८ मध्ये कॉफीवरच्या खवले किडीसाठी आणला गेला. त्या कामात तो फारसा चालला नाही, पण इथे रुळला आणि पुढे पिठ्या ढेकणावर उत्तम कामाचा ठरला. आज द्राक्ष, सीताफळ, डाळिंब, पेरू बागायतदार तो प्रयोगशाळांतून विकत आणून सोडतात. सव्वाशे वर्षं इथे राबणाऱ्याला मी एका मथळ्यात हल्लेखोर ठरवलं.

अण्णा ओरडले नाहीत. भरपाई मागितली नाही. जाताना एवढंच म्हणाले, "पुढच्या वेळी लिहायच्या आधी अळी उलटी करून बघा. पिठ्या जागचा हलत नाही. माझी पोरगी तुरुतुरु पळती." त्यांनी अळीला "माझी पोरगी" म्हटलेलं मी विसरलेलो नाही. दुरुस्ती छापली ती आतल्या पानावर, चार ओळींत. किती जणांनी वाचली असेल देव जाणे.

परदेशी म्हणजे शत्रूच नाही आणि मित्रही नाही

कोणी म्हणेल, साहेब, तुम्ही परदेशी किडींची वकिली करताय. अजिबात नाही. बाहेरून आलेल्या किडीने किती नुकसान होतं हे आपल्याएवढं कोणाला माहीत? अमेरिकन लष्करी अळी २०१८ मध्ये कर्नाटकात सापडली आणि त्याच वर्षी आपल्या सोलापूर जिल्ह्यातल्या मक्यावर आली. आज मका पेरायचा म्हणजे पहिल्या पंधरवड्यापासून पोंग्यात डोकावत बसायचं. पपईवरचा पिठ्या ढेकूण २००८ मध्ये कोईमतूरकडे दिसला आणि बघता बघता बागा पांढऱ्या झाल्या. तोही बाहेरचाच.

पण त्याला आवरलं कोणी? २०१० मध्ये पोर्टो रिकोहून आणलेल्या इवल्याशा परोपजीवी गांधीलमाशीने. म्हणजे रोगही परदेशी आणि वैद्यही परदेशी.

गाजरगवताचंच घ्या. १९५० च्या दशकात पुण्यात पहिल्यांदा लक्षात आलेलं हे गवत आज आपल्या प्रत्येक पडीक जागेत, बस स्टँडमागे, शाळेच्या कुंपणाला आहे. ते खाणारा मेक्सिकन भुंगेरा १९८३ मध्ये आणून, तपासून, १९८४ मध्ये बंगळुरूला सोडला. पांढुरक्या पाठीवर तपकिरी नक्षी असलेला. पावसाळ्यात गाजरगवताची पानं चाळणी झालेली दिसली तर समजा तोच आहे. काही वर्षांनी तो सूर्यफुलावर दिसला म्हणून बोंबाबोंब झाली, तपासण्या झाल्या. त्याचं खरं अन्न गाजरगवतच आहे हे पुढे स्पष्ट झालं. पण तो गदारोळ झाला आणि तपासणी झाली, हेही बरंच झालं. बाहेरचा जीव आणताना प्रश्न विचारलेच पाहिजेत. आशियाई ढालकिड्याच्या बाबतीत अमेरिकेला ते महागात पडलंय.

आणि देशी म्हणजे मित्रच असंही नाही. ढालकिड्याच्याच कुळातला आपला देशी हड्डा भुंगेरा घ्या. वांग्याच्या, बटाट्याच्या पानाचा हिरवा भाग खरवडून खातो, मागे नुसती जाळी ठेवतो. हा पक्का स्थानिक आणि पक्का शत्रू. म्हणून माझं म्हणणं असं की शेतकऱ्याने पहिला प्रश्न "हा कुठला?" असा विचारूच नये. पहिला प्रश्न, "हा खातो काय?" कुठला, ते शास्त्रज्ञ बघतील. काय खातो, ते आपल्याला बांधावर उभं राहून पाच मिनिटांत कळतं.

ओळख कशी करायची? (हे सेव्ह करून ठेवा)

१) सातठिपक्या: लाल, गुळगुळीत, चकचकीत. डोक्यामागचा भाग काळा, दोन्ही कोपऱ्यांत पांढरा डाग. करडई, गहू, मोहरी, ज्वारीवर. खातो मावा. मित्र.

२) नागमोडी नक्षीचे ढालकिडे: पिवळे किंवा नारिंगी, ठिपक्यांऐवजी काळ्या नागमोडी रेघा. ज्वारीवर चिकटा पडला की यांचीही गर्दी होते. चवळी, उडीद, कापूस सगळीकडे. हेही आपले देशी. मित्र.

३) पाठीवर तीन उभ्या काळ्या रेघा असलेला छोटा पिवळट ढालकिडा: मावा, पिठ्या ढेकूण खातो. मित्र.

४) पिवळा धमक, बिनठिपक्याचा, भोपळावर्गीय वेलांवर: हा चक्क भुरी खातो. भुरी म्हणजे पानावरची पांढरी बुरशी. वेलावर तो दिसला तर "किडा आला" म्हणू नका, "भुरी आली आहे, बघा" असा निरोप समजा. मित्र.

५) क्रिप्टोलीमस: काळपट पाठ, डोकं आणि शेपटीकडचा भाग तांबूस-नारिंगी. अळी पांढऱ्या झालरींची. पिठ्या ढेकणापेक्षा मोठी, चपळ, उलटी केली की सहा पाय स्पष्ट. परदेशी. मित्र.

६) हड्डा भुंगेरा: तांबूस पण मळकट, चमक नाही, अंगावर बारीक लव. ठिपके बरेच, एका जातीला दोन्ही पंख मिळून अठ्ठावीस. अळी पिवळी, सुस्त, अंगभर फांद्या फुटल्यासारखे काटे. वांगं, बटाटा, टोमॅटोवर, याचेच भाऊबंद कारल्यावर. देशी. शत्रू.

लव बघून घोटाळा होऊ शकतो, कारण क्रिप्टोलीमसच्या अंगावरही थोडी लव असते. अंडी तर दोन्हीकडची पिवळी आणि पुंजक्यातच असतात. म्हणून सगळ्यात खात्रीची खूण म्हणजे पान. पान खरवडून जाळीदार झालंय का? मग शत्रू. पान शाबूत आहे, पण त्यावर मावा, पिठ्या किंवा भुरी आहे आणि हा त्यात फिरतोय? मग मित्र. पिवळी अंडी माव्याच्या शेजारी असतील तर हात लावू नका.

पानाला चिकटलेली, न हलणारी नारिंगी गाठ दिसली तर तो ढालकिड्याचा कोष असतो. तीही "नवीन कीड" म्हणून मला अनेकांनी पाठवली आहे.

"पीक गेलं तर तुम्ही भरून देणार का?"

हा प्रश्न मला बांधावर, चहाच्या टपरीवर, सगळीकडे विचारला जातो. रास्त प्रश्न आहे. ढालकिडा हा काही देव नाही. मावा आधी वाढतो, हा मागून येतो. मधल्या काळात नुकसान होऊ शकतं. ढगाळ हवा पडली की मावा झपाट्याने वाढतो, तेव्हा वाट बघत बसणंही परवडत नाही. मी कोणालाही "फवारू नका" असं सांगत नाही. मी सांगतोय, मोजा आणि मग ठरवा.

सोपा आडाखा असा: दोन किडींमागे एक मित्रकिडा असं प्रमाण शेतात दिसत असेल तर थांबा, दोन-चार दिवसांनी पुन्हा बघा. करडईत मावा आधी कडेच्या झाडांवर येतो. मग फवारायचंच असेल तर कडेच्या पट्ट्यात फवारा, सगळं रान कशाला? सुरुवात निंबोळी अर्काने करा. तात्यांनी हेच केलं. कडेच्या ज्या ओळींत मावा दाट होता आणि ढालकिडे नव्हते तेवढ्याच भागात निंबोळी अर्क मारला. बाकीचं रान सोडलं. दुकानदाराने सांगितलेलं दोन औषधांचं मिश्रण आणलंच नाही. तेवढे पैसे आणि दोन गड्यांची हजेरी वाचली.

आणि पैशापेक्षा मोठी गोष्ट. २०१७ मध्ये यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन वीसहून अधिक शेतकरी आणि शेतमजूर गेले. त्यातल्या कित्येकांच्या पाठीवर पंप होता आणि अंगात साधा सदरा. त्यानंतर समित्या झाल्या, अहवाल आले, हातमोजे वाटले गेले. पण आजही आपल्या तालुक्यात दुपारी दोनच्या उन्हात, तोंडाला नुसता रुमाल बांधून फवारणारा गडी तुम्हाला रोज दिसेल. गरज नसताना केलेली प्रत्येक फवारणी त्या गड्याच्या अंगावर जाते. किडा ओळखणं हा निसर्गप्रेमी लोकांचा छंद आहे असं वाटत असेल तर पुन्हा विचार करा. पंप मालकाच्या पाठीवर क्वचितच असतो.

दोष कोणाचा?

शेतकऱ्याला नावं ठेवणं सोपं आहे. पण त्याला आजारी पीक घेऊन जायला जागा कोणती? दुकानाचा काउंटर. तोच डॉक्टर, तोच औषधवाला. सगळे दुकानदार वाईट असतात असं मी म्हणत नाही. आपल्याच गावात दोन-तीन जण आहेत जे गिऱ्हाइकाला "अजून गरज नाही" असं सांगून परत पाठवतात. पण ज्याचं पोट बाटली विकण्यावर आहे त्याच्याकडून "बाटली नको" हा सल्ला रोज मिळावा ही अपेक्षाच चुकीची आहे.

कृषी सहायकाकडे अनेक गावं, वर अनुदानाचे अर्ज, पंचनामे, पीकविमा, ऑनलाइन नोंदी. तो बांधावर येणार कधी? राज्यात २००९ पासून क्रॉपसॅप नावाचा कीड-रोग सर्वेक्षणाचा प्रकल्प आहे. चांगला उपक्रम आहे. पण आमच्या गावच्या फळ्यावर मी जेव्हा जेव्हा कीडसल्ला वाचला तेव्हा शत्रूंची नावं दिसली, मित्रांची नाही.

आणि आम्ही पत्रकार? आम्हाला "हल्ला", "संकट", "हवालदिल" हे शब्द फार आवडतात. "करडईत मित्रकिडींची संख्या चांगली" अशी बातमी मी वीस वर्षांत एकदाही पहिल्या पानावर पाहिली नाही. मीही लिहिली नाही.

म्हणून माझ्या काही साध्या मागण्या.

कृषी विभागाला: गावच्या फळ्यावर किडीसोबत मित्रकिडीचा फोटो लावा. अळी, कोष आणि भुंगेरा तिन्ही अवस्थांचा. भुंगेरा बऱ्याच जणांना ओळखता येतो. मारली जाते ती अळी.

दुकानदारांना: काउंटरवर औषध कंपनीची दहा पोस्टर्स असतात. अकरावं मित्रकिडींचं लावा. तुमच्यावरचा विश्वास वाढेल, धंदा बुडणार नाही.

शिक्षकांना: अमेरिकेत शाळकरी मुलांनी हरवलेला ढालकिडा शोधायला मदत केली. आपल्या जिल्हा परिषद शाळेतल्या पोरांना एक शनिवार बांधावर न्या. कोणत्या पिकावर कोणता ढालकिडा दिसला, वहीत चित्र काढा म्हणावं. घरी जाऊन तीच पोरं बापाला अडवतील.

पत्रकार मित्रांना आणि ग्रुप अ‍ॅडमिनना: "परदेशी कीड" हे शब्द लिहायच्या आधी, पुढे ढकलायच्या आधी, एक फोन करा. किसान कॉल सेंटरचा टोल फ्री नंबर आहे १८००-१८०-१५५१. मराठीत बोलतात. कृषी विज्ञान केंद्रातल्या कीटकशास्त्रज्ञांना फोटो पाठवा. मला पाठवा, मी त्यांच्यापर्यंत पोचवतो. मी आठ वर्षांपूर्वी तो एक फोन केला नाही, त्याची किंमत अण्णांनी मोजली.

काल संध्याकाळी तात्यांचा फोन आला. मला वाटलं मावा वाढला. म्हटलं, काय तात्या, फवारायचं का?

"फवारायचं नव्हं," तात्या म्हणाले. "शेजारचा दामू पंप घेऊन बांधावर आला व्हता. त्याला म्हणलं, थांब जरा. आधी पान बघ."

तुमच्या रानात कोणता ढालकिडा आहे? मोबाईलवर फोटो काढा, पीक कोणतं ते लिहा आणि खाली टाका. चुकलं तर चुकलं, सगळे मिळून ओळखू. फक्त ओळखायच्या आधी मारू नका.